एक आण्याची बाजू

गड्ड्यावर त्या साली दोन तंबू होते.
एकात पाच पायांचं वासरू, दुसऱ्यात आम्ही.
मांजरपाटाचा पडदा मधोमध टांगलेला.
दर खेळाआधी मी त्यावर तळ्याचं पाणी मारायचो,
ओलं कापड चित्र आरपार जाऊ देतं.
समोर बसायला दोन आणे, मागं बसायला एक.
मागच्यांना अक्षरं उलटी दिसत.
सुलटी तरी किती जणांना येत होती?
म्हणून कादरभाईनं मला ठेवला.
पाटी आली की ओरडून वाचायची,
आधी मराठीत, मग कानडीत, मग आमच्या तेलुगूत,
पेटीवाल्यानं तेवढ्यापुरता भाता धरायचा.

चित्र अकरा मिनिटांचं. ‘नादाचे फळ’.
विणकराचा पोर नाटक कंपनीमागं पळतो,
लुगडं नेसतो, टाळ्या खातो, दारू शिकतो,
शेवटी आईच्या पायांवर येऊन पडतो.
गिरणीच्या मॅनेजरनं वीस तिकिटं फुकट वाटली,
कामगारांच्या पोरांनी असलं चित्र बघावं म्हणून.

पहिल्या पाटीवर नाव: मास्टर राजाराम.
मी वाचलं, मास्टर राजाराम.
दोन वर्षांमागं तो राजेशम होता, माझा थोरला.
साखर पेठेत आमचा खड्डामाग.
गावात एका कंपनीचे चार खेळ झाले
आणि पाचव्या सकाळी तो मागावरून उठला.
जन्मभर खड्ड्यात पाय सोडून बसलेला माणूस
उभा राहिला की केवढा उंच दिसतो
ते मला तेव्हा कळलं.
अर्धं राहिलेलं लुगडं मी पुरं केलं.
हात बदलला ती जागा त्यात दिसते.
गिऱ्हाइकानं चार आणे कापले.

पडद्यावर त्याला मागावर बसवला होता.
मागाला ताणाच नाही!
धोटा नुसता हवेतून इकडून तिकडं.
अख्खा तंबू हसला, पद्मसाळी, कोष्टी, मोमीन,
कुणीतरी ओरडलं, काय विणतोय, वारा?
मीही हसलो.
पण त्याची मान,
तुटलेला धागा शोधताना वाकायची तशी वाकलेली,
जिथं धागाच नव्हता तिथं.

तिसऱ्या रात्री आई आली.
पाळी सुटून, केसांत कापसाची कुसं तशीच.
एक आण्याच्या बाजूला बसली.
तिच्या खात्यात चात्यांच्या आवाजात
शेजारणीची हाक शेजारणीला पोचत नाही.
तिथल्या बायका ओठांवर बोलतात,
सुखदुःखं, शिव्या, जॉबरची नक्कलसुद्धा.

शेवट आला. तो पायांवर पडला.
पाटी: ‘आई, मी चुकलो. आता हा उंबरा सोडणार नाही.’
मी तीनदा वाचलं.
तेलुगूत माझा आवाज फाटला.
दोन आण्यांकडं पदर डोळ्यांना लागले,
आणि पडद्यामागून एकच बाई हसली.

परतताना, विजापूर वेशीपाशी, ती म्हणाली,
तू खोटं वाचतोस.
पाटीवर तेच लिहिलंय, मी म्हणालो.
पाटीवर असेल.
अक्षरं उलटी होतात, ओठ नाही होत.
तो म्हणाला, इंकोकसारि.
आणखी एकदा घ्या.
मला अजून चांगलं रडता येईल.

मग बराच वेळ काही बोलली नाही.
शेंगा घेतल्या एका पैशाच्या, त्याही मलाच दिल्या.
ती रागावली होती का, मला अजून सांगता येत नाही.
फक्त चालताना तिचे ओठ हलत होते
आणि मला ओठ वाचता येत नाहीत.

चौथ्या रात्री ती पुन्हा तिथंच, खांबाला टेकून.
मी मराठी वाचली पाटीवरची. कानडी वाचली.
तेलुगूला आलो आणि
जे तो म्हणाला होता तेच ओरडलो:
इंकोकसारि!
मागच्या पद्मसाळ्यांना वाटलं, हा वन्समोर मागतोय.
त्यांनी उचललं. मग समोरच्यांनी.
वन्समोर! वन्समोर! चटया आपटल्या.
कादरभाई शिव्या देत रीळ उलटं गुंडाळू लागला,
मी पडद्यावर पुन्हा पाणी मारलं.

दिवा लागला.
मागावर बसलेला माझा भाऊ
खड्ड्यातून उठला
आणि घराबाहेर पडला.